मीटिंगमध्ये गप्प कोण होतं?

प्रमोशन झालं की आपल्याकडं दोन गोष्टी हमखास वाट्याला येतात. पार्टीची फर्माईश आणि लीडरशिपवरचं पुस्तक!

मला अशी तीन पुस्तकं मिळाली. एक मॅनेजरनं दिलं, एक कॉलेजच्या मैत्रिणीनं आणि तिसरं मी स्वतःच एअरपोर्टवर घेतलं, फ्लाइट दोन तास लेट होती म्हणून. तिन्हींच्या कव्हरवर हाताची घडी घालून हसणारा सुटाबुटातला माणूस. तिन्हींमध्ये आकडे. इतक्या सवयी, तितक्या पायऱ्या, अमुक नियम. फंडे एकदम झकास! रात्री वाचताना वाटायचं, बास, उद्यापासून आपण बदललो. सकाळी ऑफिसात पहिली मीटिंग सुरू झाली की दहा मिनिटांत सगळे फंडे गुल.

खोटं कशाला सांगू, पुस्तकं वाईट नव्हती. पण त्यांतल्या प्रत्येक गोष्टीत लीडर बोलतो आणि बाकीचे माना डोलावतात. कंपनी बुडता बुडता वाचते, टाळ्या पडतात, चॅप्टर संपतो. त्या माना डोलावणाऱ्यांपैकी एखाद्याच्या पोटात तेव्हा गोळा आला होता का, हे कुणी सांगत नाही. आणि माझा सगळा घोळ नेमका तिथंच झाला होता.

‘एनी कन्सर्न्स?’

मी हिंजवडीतल्या एका आयटी कंपनीत टीम लीड आहे. (कंपनीचं नाव नको. पुढचं वाचलंत की का ते कळेल.) गेल्या वर्षी आमची नऊ जणांची टीम एका क्लायंटसाठी बिलिंगची नवी सिस्टीम बनवत होती. रिलीज शुक्रवारी रात्री. गुरुवारी संध्याकाळी शेवटची मीटिंग झाली. सगळं मीच बोलले, स्लाइड्स मीच दाखवल्या आणि शेवटी, पद्धत असते म्हणून, विचारलं, ‘‘एनी कन्सर्न्स?’’

विचारताना माझा हात लॅपटॉपच्या झाकणावर होता आणि झाकण अर्धं मिटलेलं होतं!

कुणी काही बोललं नाही. ‘ग्रेट, टीम!’ म्हणून मी उठले. मनात म्हटलं, काय एकजूट आहे आपली.

सोमवारी सकाळी फोन वाजायला लागले. जुना डेटा नव्या सिस्टीममध्ये हलवताना काही रेकॉर्ड्स डबल पडले होते आणि तीनशेहून जास्त ग्राहकांना एकाच महिन्याचं बिल दोनदा गेलं होतं. पुढचा आठवडा कसा गेला ते विचारू नका. मॅगी, चहा आणि क्लायंटची बोलणी एवढ्यावर आम्ही जगलो.

त्यानंतर येतो तो आरसीए. म्हणजे चूक कुठं आणि का झाली याचा रिपोर्ट. माझे मॅनेजर म्हणाले, ‘‘गोल गोल लिहू नकोस. स्पेसिफिक हवं. टेस्टिंग कुणाकडं होतं?’’

टेस्टिंग होतं आमच्यातल्या सगळ्यात ज्युनिअर मुलाकडं. अमरावतीकडचा, जॉइन होऊन आठ महिने झालेला, मीटिंगमध्ये कायम दाराजवळच्या खुर्चीत बसणारा. मी मसुदा लिहिला. टेस्टिंगच्या टप्प्यावर त्रुटी राहून गेली, असं एक सभ्य वाक्य आणि पुढच्या रकान्यात त्याचं नाव. त्याची नोकरी लगेच गेली नसती. पण त्याचं प्रोबेशन संपायला चार महिने बाकी होते, आणि अशी ओळ एकदा फाइलला चिकटली की पुढं काय होतं ते तुम्हालाही माहीत आहे.

रिपोर्ट सोमवारी द्यायचा होता. शनिवारी मी मामांकडं जेवायला गेले.

मामांची वही

माझे मामा डिफेन्स अकाउंट्समधून रिटायर झालेत. सदाशिव पेठेत दोन खोल्या आणि त्यात माणसांपेक्षा पुस्तकं जास्त. राजकीय इतिहास हे त्यांचं व्यसन. निम्मा खजिना अप्पा बळवंत चौकातल्या आणि मुंबईत फ्लोरा फाउंटनच्या फुटपाथवरून जमवलेला. पुस्तक उसनं द्यायचं तर आधी वहीत नाव, तारीख आणि सही! भाचीलासुद्धा सवलत नाही.

मी त्यांना सगळं सांगितलं, आणि माझ्या तीन पुस्तकांबद्दलही. ते ऐकून घेतात, पण मध्येच वरणावर तूप वाढत. मग म्हणाले, ‘‘अगं, तुझ्या त्या पुस्तकांत सगळेच जिंकतात कसे गं? जरा हरलेल्या लोकांचं वाच.’’

जेवण झाल्यावर त्यांनी कपाटातून दोन जाडजूड पुस्तकं काढली. आर्थर श्लेसिंजर यांचं ‘अ थाउजंड डेज’, १९६५ चं. आणि आयर्विंग जॅनिस यांचं ‘व्हिक्टिम्स ऑफ ग्रूपथिंक’, १९७२ चं. दोन्हींची पानं पिवळी पडलेली. वहीत सही केली आणि घरी आले. वाटलं होतं, चार पानं चाळून झोपू. झोपायला साडेतीन वाजले.

हुशार लोकांनी भरलेली खोली

गोष्ट अमेरिकेची आहे, १९६१ च्या वसंतातली. जॉन केनेडी नुकतेच राष्ट्राध्यक्ष झालेले. वय अवघं ४३. मंत्रिमंडळ म्हणजे हुशारीचं प्रदर्शन! संरक्षण खातं रॉबर्ट मॅकनमारा यांच्याकडं. फोर्ड मोटर कंपनीचे प्रेसिडेंट होऊन दीड महिनाही झाला नव्हता तोवर त्यांना केनेडींनी उचललं होतं. सल्लागार हार्वर्डचे. स्वतः श्लेसिंजर हार्वर्डमधले इतिहासाचे प्राध्यापक.

टेबलावर सीआयएचा एक प्लॅन होता, आधीच्या आयझेनहॉवर सरकारच्या काळात तयार झालेला. क्यूबातून पळून आलेल्या सुमारे १४०० निर्वासितांना ग्वाटेमालात शिकवून तयार करायचं, क्यूबाच्या किनाऱ्यावर उतरवायचं, मग तिथली जनता उठाव करेल आणि फिडेल कॅस्ट्रो जाईल. आणि यात अमेरिकेचा हात आहे हे कुणाला कळणार नाही. हो, खरंच असं ठरलं होतं!

जमलं नाही तर? तर ही मंडळी एस्काम्ब्राय डोंगरात पळून जातील आणि गनिमी कावा करतील, हा बॅकअप प्लॅन. पण मध्ये उतरण्याची जागा बदलली. आधीची जागा डोंगराच्या पायथ्याशी होती. नवी जागा, बे ऑफ पिग्ज, तिथून सुमारे ८० मैल लांब आणि मध्ये दलदल. स्लाइड नवी झाली, बॅकअप प्लॅन जुनाच राहिला. नकाशा उघडून अंतर मोजायला पाच मिनिटं लागली असती. माझ्या डोळ्यांसमोर आमची रिलीजची शीट आली.

१७ एप्रिल १९६१ ला लोक उतरले. तीन दिवसांत खेळ खलास. शंभरावर मारले गेले, अकराशेहून जास्त पकडले गेले. त्यांना सोडवायला पुढं डिसेंबर १९६२ मध्ये सुमारे ५ कोटी ३० लाख डॉलरची औषधं आणि अन्न द्यावं लागलं.

आता मुद्द्याची गोष्ट. हा प्लॅन वेडेपणाचा आहे हे त्या वेळी कुणालाच कळत नव्हतं का? कळत होतं की! श्लेसिंजर यांना कळत होतं. त्यांनी राष्ट्राध्यक्षांना विरोधाची टिपणंही लिहून दिली होती. पण कॅबिनेट रूममधल्या मीटिंगमध्ये, जिथं बोलायला हवं होतं तिथं, ते गप्प बसले. आपल्या पुस्तकात ते स्वतःच कबूल करतात की चार-दोन भीत भीत प्रश्न विचारण्यापलीकडं आपण काही केलं नाही, आणि त्याबद्दल नंतर स्वतःला फार दोष दिला. मीटिंगला बोलावलेले सिनेटर फुलब्राइट मात्र तोंडावर विरोधात बोलले. त्यावर खोलीत खरी चर्चा झालीच नाही. गाडी पुढं सरकली.

आणि मग ती पार्टी. रॉबर्ट केनेडी, म्हणजे राष्ट्राध्यक्षांचा धाकटा भाऊ, यांच्या बायकोचा वाढदिवस. तिथं रॉबर्ट यांनी श्लेसिंजर यांना बाजूला घेतलं. तुमचं म्हणणं बरोबर असेल किंवा चूक, पण राष्ट्राध्यक्षांचं ठरलंय, आता जोर लावू नका, सगळ्यांनी त्यांना साथ द्यायची वेळ आहे, अशा अर्थाचं काहीतरी सांगितलं.

जॅनिस हे येल विद्यापीठात मानसशास्त्राचे प्राध्यापक. शाळेत शिकणाऱ्या मुलीला बे ऑफ पिग्जवर निबंध लिहायचा होता, म्हणून ते श्लेसिंजर यांचं पुस्तक नव्यानं वाचायला बसले आणि अडखळले. एवढी हुशार माणसं इतका बावळट निर्णय कसा घेतात? त्यातून त्यांचं पुस्तक आलं. ‘ग्रूपथिंक’ हा शब्द त्यांचा नाही, तो विल्यम व्हाइट या पत्रकारानं १९५२ मध्ये वापरला होता. पण जगभर पोचवला जॅनिस यांनी. त्यांचं म्हणणं साधं आहे. एकमेकांशी छान जमणाऱ्या टीममध्ये ते छान जमणं टिकवणं हेच सगळ्यांचं काम होऊन बसतं, मग शंका गिळल्या जातात. आणि रॉबर्ट केनेडींनी पार्टीत जे केलं त्याला जॅनिस यांनी नाव दिलं ‘माइंडगार्ड’. बॉडीगार्ड साहेबाच्या अंगावर कुणी येऊ देत नाही, तसा माइंडगार्ड साहेबाच्या कानावर नको ती गोष्ट येऊ देत नाही.

इथं मी पुस्तक मिटलं. माझ्या टीममध्ये माइंडगार्ड कोण आहे?

रविवारी संध्याकाळी मी त्या ज्युनिअरला मेसेज टाकला. ‘टेस्टिंगमध्ये तुला काही खटकलं होतं का? घाबरू नकोस, खरं सांग.’ चाळीस मिनिटं नुसतं ‘टायपिंग...’ दिसत होतं, थांबत होतं, परत दिसत होतं. मग एक स्क्रीनशॉट आला. रिलीजच्या आधीच्या बुधवारचा. त्यात डबल पडलेले चार रेकॉर्ड्स स्पष्ट दिसत होते. खाली त्यानं लिहिलं होतं, ‘मॅम, मी सीनिअरला दाखवलं होतं. ते म्हणाले, मॅडमची डेट फिक्स आहे, आता नको काढूस. मला वाटलं, चारच आहेत.’

त्या सीनिअरचा मला राग आला असता. पण तो माझा राइट हँड होता, मला त्रास नको म्हणून झटणारा. माझ्यासमोर डेट बदलायचं नाव काढायची सोय मीच ठेवली नव्हती. महिनाभर मी सगळ्यांना एकच गोष्ट सांगत होते, ‘शुक्रवार म्हणजे शुक्रवार.’

रात्री मी रिपोर्ट परत लिहिला. पहिल्या ओळीत तारीख आणि तथ्य : दोष बुधवारी टेस्टिंगमध्ये सापडला होता. दुसरी ओळ : तो टीम लीडपर्यंत पोचला नाही, कारण टीम लीडनं तारखेवर चर्चा बंद केली होती. कुणाचं नाव नाही, फक्त माझं.

सोमवारी मॅनेजरचा फोन. ‘‘असं लिहितं का कुणी?’’

त्यांना केनेडींचं सांगायचा मोह झाला. २१ एप्रिल १९६१ ला पत्रकार परिषदेत केनेडी म्हणाले होते की विजयाला शंभर बाप असतात आणि पराभव अनाथ असतो, आणि या सरकारचा जबाबदार अधिकारी मी आहे. त्यानंतरच्या गॅलप पोलमध्ये त्यांची लोकप्रियता ८३ टक्क्यांवर गेली! पण मी काही बोलले नाही. एक तर माझा गॅलप पोल घेणारे तेच होते. दुसरं म्हणजे पुढचा भागही मला माहीत होता. जबाबदारी घेतली केनेडींनी, पण वर्षभराच्या आत सीआयएचे प्रमुख ॲलन डलेस आणि प्लॅनचे सूत्रधार रिचर्ड बिसेल हे दोघंही घरी गेले होते.

माझं रेटिंग त्या वर्षी एका पायरीनं खाली आलं. इन्क्रिमेंट हातात आलं तेव्हा नव्या स्कूटरचा विचार मी पुढं ढकलला. उगाच शूरवीर असल्याचा आव आणत नाही, वाईट वाटलं.

तीच माणसं, दीड वर्षानंतर

मला जास्त उत्सुकता पुढच्या भागाची होती. कारण दीडच वर्षात, ऑक्टोबर १९६२ मध्ये, याच मंडळींसमोर त्याहून भयंकर पेपर आला. रशियानं क्यूबात अणुक्षेपणास्त्रं आणल्याचे फोटो मिळाले. १६ ते २८ ऑक्टोबर, तेरा दिवस जग अणुयुद्धाच्या तोंडाशी होतं. राष्ट्राध्यक्ष तेच, भाऊ तोच, मॅकनमारा तेच. टीम फारशी बदललेली नव्हती. मीटिंग बदलली होती.

रॉबर्ट केनेडींचं ‘थर्टीन डेज’ हे छोटंसं पुस्तक त्यांच्या हत्येनंतर १९६९ मध्ये आलं. (केव्हिन कॉस्टनरचा २००० सालचा याच नावाचा सिनेमा पाहिला असेल तर तो मसाला आहे, पण बघण्यासारखा.) त्यात या मीटिंग्जचं वर्णन आहे. हुद्द्यानुसार बोलायचं नाही. लोकांचे गट पाडायचे, प्रत्येकानं आपला प्रस्ताव लिहायचा, मग कागद अदलाबदल करून एकमेकांचे वाभाडे काढायचे. आणि सगळ्यात भारी म्हणजे केनेडी काही मीटिंग्जना मुद्दाम गेलेच नाहीत. साहेब खोलीत असला की लोक साहेबाला आवडेल ते बोलतात, हे त्यांना कळून चुकलं होतं. पहिल्या दिवशी बहुतेकांचा कल सरळ बॉम्बहल्ल्याकडं होता. आठवडाभर भांडून ते नाकेबंदीवर आले.

बाहेरच्या जाणकारालाही खोलीत बसवलं होतं. लुएलिन थॉम्प्सन मॉस्कोत राजदूत होते, क्रुश्चेव्हना जवळून ओळखणारे. २७ ऑक्टोबरला, सगळ्यात वाईट दिवशी, त्यांनी राष्ट्राध्यक्षांना तोंडावर सांगितलं की मला तुमचं पटत नाही. आणि केनेडींनी ऐकून घेतलं.

हे आपल्याला कसं कळतं? कारण केनेडी चोरून टेप करत होते! खोलीतल्या बहुतेकांना पत्ता नव्हता. त्या टेप्सचं पुस्तक, ‘द केनेडी टेप्स’, १९९७ मध्ये आलं. आणि बॉस, इथं खरी गंमत सुरू होते. ‘थर्टीन डेज’मध्ये रॉबर्ट केनेडी पहिल्यापासून शांततावादी वाटतात. टेप्समध्ये तेच बऱ्याचदा आक्रमक बोलताना ऐकू येतात. शेल्डन स्टर्न या इतिहासकारानं या टेप्स बारकाईनं ऐकून पुस्तकाचे पार कपडे उतरवले आहेत. शिवाय तुर्कस्तानातली आपली क्षेपणास्त्रं काढून घेऊ, हा गुपचूप केलेला सौदा पुस्तकात नीट आलाच नाही. पुस्तकाचं संपादन करणाऱ्या टेड सोरेन्सन यांनी १९८९ मध्ये कबूल केलं की तो भाग आपण सौम्य केला होता.

मीसुद्धा शनिवारपर्यंत तेच तर करत होते. रिपोर्ट लिहिणारी मीच होते ना!

म्हणून आता माझा एक नियम झालाय. नेत्याचं आत्मचरित्र एकटं वाचायचं नाही. सोबत त्याच खोलीत बसलेल्या दुसऱ्या कुणाचं तरी पुस्तक घ्यायचं, शक्यतो त्याच्याशी न पटलेल्या माणसाचं.

आणि एकदा चांगली मीटिंग घेतली म्हणजे माणूस कायमचा सुधारला, असंही नाही. डेव्हिड हॅल्बरस्टॅम यांचं ‘द बेस्ट अँड द ब्रायटेस्ट’ (१९७२) वाचा. हीच हुशार मंडळी व्हिएतनामच्या चिखलात पायरी पायरीनं कशी उतरली त्याची ही गोष्ट. मॅकनमारा आकड्यांचा माणूस. फोर्डमध्ये आकड्यांनी कंपनी सावरली, मग युद्धही आकड्यांत मोजायला घेतलं. किती बॉम्ब, किती फेऱ्या, शत्रूचे किती मृतदेह. मृतदेह मोजले जातात म्हटल्यावर खालून आकडे फुगून यायला लागले. डॅशबोर्ड हिरवागार, मैदानात बोंब! १९९५ मध्ये मॅकनमारांनी स्वतः पुस्तक लिहून आपण फार मोठी चूक केली हे मान्य केलं. तोवर ५८ हजारांवर अमेरिकन सैनिक आणि लाखो व्हिएतनामी माणसं गेली होती. आमच्या कंपनीत दर शुक्रवारी डॅशबोर्डचा मेल येतो. पूर्वी मी तो बघून खूश व्हायची.

आपल्याकडचा ऑक्टोबर

पुस्तकं परत द्यायला गेले तेव्हा मामांना हे सगळं भडाभडा सांगितलं. मामा म्हणाले, ‘‘केनेडीचा ऑक्टोबर कळला. आता आपला ऑक्टोबर वाच.’’

मला क्षणभर लक्षातच आलं नाही. क्यूबाचं संकट चालू असतानाच, २० ऑक्टोबर १९६२ ला पहाटे, चीननं आपल्यावर हल्ला केला होता! मामा तेव्हा बारा वर्षांचे. त्यांच्या आईनं संरक्षण निधीला हातातली एक बांगडी काढून दिली, ते त्यांना अजून आठवतं.

त्यांनी ब्रिगेडिअर जे. पी. दळवी यांचं ‘हिमालयन ब्लंडर’ (१९६९) माझ्या हातात ठेवलं. दळवी नामका चू नदीवरच्या ७ ब्रिगेडचे प्रमुख. दोन दिवसांत पकडले गेले आणि मे १९६३ पर्यंत चीनच्या कैदेत होते. पुस्तक संतापानं लिहिलंय आणि तो संताप पानापानावर पोचतो. हुकूम होता थाग ला डोंगरावरून चिन्यांना हाकलून लावण्याचा. जवानांकडं थंडीचे पुरेसे कपडे नाहीत, दारूगोळा तुटपुंजा, रसद विमानातून टाकायची आणि त्यातली बरीच दरीत जायची. त्या भागाची जबाबदारी असलेल्या लेफ्टनंट जनरल उमराव सिंग यांनी, एवढ्या साठ्याशिवाय हे जमणार नाही, असं वर कळवलं. झालं काय? तो भाग त्यांच्याकडून काढून नव्यानं उभ्या केलेल्या ४ कोअरकडं, लेफ्टनंट जनरल बी. एम. कौल यांच्याकडं दिला गेला. ‘कन्सर्न्स’ सांगणाऱ्याचं काय होतं ते बाकीच्यांनी पाहिलं! १२ ऑक्टोबरला पंडित नेहरूंनी पत्रकारांना सांगूनही टाकलं की चिन्यांना हटवायचे आदेश दिले आहेत. २० तारखेला ब्रिगेड काही तासांत उद्ध्वस्त झाली.

माझ्या नियमाप्रमाणं मी कौल यांचं ‘द अनटोल्ड स्टोरी’ (१९६७) पण मागितलं. मामा खूश! दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवून वाचली की डोकं गरगरतं. दळवींचा राग कौल यांच्यावर, कौल यांचं बोट आणखी कुणाकडं. मला स्वतःला दळवी जास्त पटले, पण तेही जखमी माणसाचं लेखन आहे हे विसरून चालत नाही.

मग नोव्हेंबरमध्ये संरक्षणमंत्री म्हणून यशवंतराव चव्हाणांना दिल्लीत बोलावलं गेलं. हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला, हे आपण शाळेपासून ऐकलेलं. पण सह्याद्रीनं तिथं जाऊन नेमकं केलं काय, हे मला कुणी कधी सांगितलं नव्हतं. ते त्यांचे सचिव राम प्रधान यांच्या ‘डिबेकल टू रिव्हायव्हल’ या पुस्तकात आहे. त्यात भाषणं कमी आणि कामाची पद्धत जास्त. तिन्ही दलांचे प्रमुख आणि खात्याचे सचिव यांच्यासोबत नियमित सकाळची बैठक, सगळ्यांसमोर बोलणं, सेनाधिकाऱ्यांच्या कामात लुडबुड न करणं. ऐकायला किती बोअरिंग! पण १ सप्टेंबर १९६५ ला छांबमध्ये पाकिस्तानी रणगाडे घुसले आणि हवाई दल वापरायची परवानगी मागितली गेली, तेव्हा चव्हाणांनी ती काही मिनिटांत दिली आणि त्याच संध्याकाळी विमानं उडाली. पहिल्याच संध्याकाळी आपली चार व्हॅम्पायर विमानं पडली, हेही खरं. पण ज्या हवाई दलाची लढाऊ विमानं १९६२ मध्ये हल्ल्यासाठी वापरलीच गेली नव्हती, त्याच्या प्रमुखाला आता हो किंवा नाही ऐकायला थांबावं लागलं नाही.

अर्धा तास बाहेर

तुमच्याकडं मामा नसतील तर सुरुवात ‘थर्टीन डेज’नं करा, दोन संध्याकाळी संपतं. जॅनिसचं पुस्तक थोडं प्राध्यापकी आहे, पण बे ऑफ पिग्जचं प्रकरण थ्रिलरसारखं पळतं. हॅल्बरस्टॅम जाडजूड आहे, वीकेंडचं काम नाही. मॅकनमारांवरची ‘द फॉग ऑफ वॉर’ ही २००३ ची डॉक्युमेंटरी मिळाली तर त्याआधी बघा. आणि एअरपोर्टवरची पुस्तकं? ती माझ्या शेल्फवर अजून आहेत. फ्लाइट लेट झाली की वाचते.

या वर्षीच्या पहिल्या मोठ्या रिलीजच्या आधी मी केनेडींची आयडिया सरळ ढापली. मीटिंग सुरू केली आणि म्हटलं, ‘‘हे रिलीज सपशेल आपटलंय असं समजा. का आपटलं ते बोर्डवर लिहा. मी खाली चहा घेऊन येते.’’ सगळे एकमेकांकडं बघायला लागले. सीनिअर म्हणाला, ‘‘मॅडम, तुम्ही थांबा ना.’’ मी नाही थांबले.

अर्धा तास खाली टपरीवर उभी होते. दोन कटिंग झाले. मनात धाकधूक, वर बहुतेक सगळे मोबाइल बघत बसले असतील.

वर आले तर बोर्डवर अकरा मुद्दे होते. हस्ताक्षरं वेगवेगळी. चौथा मुद्दा डेटाचा, बारीक अक्षरात, आणि अक्षर कुणाचं ते मी ओळखलं. दाराजवळची खुर्ची रिकामी होती, तो अजून बोर्डपाशीच मार्कर घेऊन उभा होता. सातव्या मुद्द्यावर एवढंच लिहिलं होतं, ‘रिलीज शुक्रवारीच का?’

माझ्याकडं उत्तर नव्हतं. आम्ही ते मंगळवारी केलं.

मामांचा परवा फोन आला होता. वहीत माझ्या नावावर अजून दोन पुस्तकं दिसतायत म्हणे.